पहिली ओळ स्वतःवर

जुनेददादाचे वडील, रियाजचाचा, शनिवार पेठेत घड्याळं दुरुस्त करतात आणि गिऱ्हाइकं बिघडवतात. "घड्याळ ठणठणीत आहे. तेवढी किल्ली देत चला." हे मला हुबेहूब जमतं, गिऱ्हाइकाच्या चेहऱ्यासकट.

जुनेददादा हिंजवडीत सॉफ्टवेअर तपासतो आणि रविवारी नदीपात्रात पोरांच्या घोळक्यात रॅप करतो. सगळं सिनेमावाल्यांच्या विरोधात. त्यांचा मुसलमान म्हणजे डोळ्यांत सुरमा, तोंडात 'जनाब', हातात बाँब! घोळक्याचा नियम एकच: दुसऱ्यावर तुटून पडायचं, तर पहिली ओळ स्वतःवर.

मग त्यालाच सिनेमात काम मिळालं. एक वाक्य. "जरा मुसलमानासारखं बोल ना," तिथला माणूस म्हणाला. आली का पंचाईत! ही मंडळी दुकानात पुणेरी बोलणार, घरी दखनीतलं 'नक्को' आणि 'हौ'. 'जनाब' औषधालाही नाही. म्हणून तो शिकायला आला कुणाकडे? शेजारच्या नकलाकार पूर्णिमाकडे, म्हणजे माझ्याकडे.

"'ख' घशातून काढ, दादा. अजून खालून. खाकरल्यासारखा."

चाचांनी कौतुकानं अख्खं घर थिएटरात नेलं, मलाही. पडद्यावर जुनेददादा आला: सुरमा, चिकटवलेली दाढी, माझा 'ख'. बाँब ठेवला, गोळी खाल्ली, मेला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. रुकसानाचाचींनी ओढणी तोंडाशी धरली.

बाहेर आल्यावर चाचांनी त्यालाच विचारलं, "कोण होता हो तो? आपल्याकडे कधी आलेला दिसत नाही."

पोटच्या पोराला 'हो'!

कंपनीच्या बसमध्ये रोज फर्माईश, "जनाब, डायलॉग होऊन जाऊ दे!" आणि हा हसत म्हणून दाखवायचा. नदीपात्रात जाणं मात्र बंद. "कुठल्या तोंडानं जाऊ गं?"

शेवटी एका रविवारी गेला. मी चाचांना सांगून टाकलं होतं. ते मागे कठड्यापाशी उभे राहिले. पोरांनी ताल धरला. दादानं जमिनीकडे बघत सुरुवात केली:

"सुरमा त्यांचा, दाढी त्यांची, ओळही त्यांनीच दिली,
चिकटवायला हनुवटी मात्र मीच पुढे केली."

मान वर केली, तर समोर अब्बा. कान लालबुंद. ताल चालू, पण ह्याला पुढचं येईना. पोरं चुळबुळायला लागली.

"झालं?" चाचांनी विचारलं. अगदी दुकानातला आवाज.

"नाही, अब्बा. सिनेमावाल्यांवरचं राहिलंय. पण... निघतच नाही तोंडातून."

चाचा कठड्यावर रुमाल अंथरून बसले.

"सावकाश. दुकान बंदच आहे आज."