लाल चौकोन कुठे बसला

लग्नाचे फोटो काढून काढून मी कंटाळलो आहे, हे आधीच सांगून टाकतो. गुडघे बोलतात, बँडने डोकं उठतं, आणि वरण-बट्टीचं जड जेवण झालं की पुन्हा तासन्‌तास स्टेजसमोर उभं राहायचं. पण दुसरं काही येत नाही, म्हणून चाललंय.

पिंप्राळ्यात घराच्या पुढच्या खोलीतच आमचा स्टुडिओ आहे. लग्नात आमचे दोन कॅमेरे असतात, दोन्ही सारखेच. एक माझ्या हातात, दुसरा बायकोच्या. हळदीला आणि नवरीच्या खोलीत ती, स्टेजवर मी, पाठवणीला दोघंही. घरी आलं की दोन्ही कार्डं एकाच फोल्डरमध्ये रिकामी करायची आणि फोटो वेळेप्रमाणे लावायचे, मग कोणाचा कुठला ते कळतही नाही. त्यातून चांगले निवडायचं किचकट काम तिचं. मी त्या भानगडीत कधी पडलो नाही.

सावद्याच्या लग्नानंतर मात्र तिची आई घरात पडली, आणि ती फैजपूरला माहेरी गेली. फोटो मीच निवडले आणि पाठवून दिले. आठवड्याने नवरीच्या वडिलांचा फोन आला. केळीचे मोठे बागाईतदार, सगळे त्यांना नाना म्हणतात. पाठवणीचे फोटो धूसर आलेत, म्हणाले. लेक आईच्या गळ्यात पडली आहे आणि दोघींचे चेहरेच नीट दिसत नाहीत. रागावले नाहीत, त्याचंच जास्त लागलं.

मी क्षणाचाही विचार केला नाही. "तो दुसरा कॅमेरा होता, नाना," म्हणालो. "घरच्यांनी काढलेत ते."

त्यांच्या धाकटीचं लग्न पुढच्या महिन्यात धुळ्याला होतं. मग तिथे तुम्ही एकटेच या, असं ते म्हणाले आणि मी हो म्हटलं. बायको आदल्याच दिवशी परत आली होती. स्वयंपाकघरात कणीक मळत होती, तिला शब्द न् शब्द ऐकू गेला. ती तशीच मळत राहिली. मला वाटलं, चूक पटली.

तरी मनाला कुठेतरी टोचत होतं. म्हणून पुरावा शोधायला बसलो. धुळ्याच्या एका फोटोग्राफर मित्राने एक फुकटचं प्लगइन पाठवलं होतं. आपल्या नेहमीच्या सॉफ्टवेअरला ते जोडलं की कॅमेऱ्याने फोकस कुठे धरला होता, तिथे फोटोवर लाल चौकोन दिसतो. एवढंच त्याचं काम. दुपारी स्टुडिओचं शटर अर्धं ओढून मी पाठवणीचा पहिला धूसर फोटो उघडला.

चौकोन बरोबर मधोमध होता. मायलेकींच्या डोक्यांमधल्या फटीतून तो मागच्या हिरव्या पडद्यावर बसला होता. पडद्याच्या जरीचा धागा न् धागा मोजता येत होता. दुसरा धूसर फोटो उघडला, चौकोन मधोमध. तिसरा, मधोमध. मग स्वच्छ फोटो उघडले. त्यात चौकोन जागा बदलत होता. कधी नवरीच्या डोळ्यावर, कधी आईच्या, माणूस हललं की त्याच्यामागे गेलेला.

चौकोन मधोमध ठेवणारा आमच्या घरात एकच माणूस आहे. मी रोलच्या कॅमेऱ्यावर शिकलो. मधला ठिपका चेहऱ्यावर धरायचा, बटण अर्धं दाबून ठेवायचं आणि मग कॅमेरा सरकवायचा. तिने चौकोन हलवायला शिकून घेतलं, मला कितीदा दाखवलं, आणि मी म्हणायचो, आम्ही काय आजचे आहोत का. आता बोट थकतं, बटण सैल सुटतं, पुन्हा दाबलं की कॅमेरा समोर सापडेल ते धरतो. मला लाज वाटली. पण त्याहून वाईट वाटलं ते वेगळ्याच गोष्टीचं: मागची एवढी वर्षं एकाही गिऱ्हाइकाची तक्रार कशी आली नाही?

तिला हाक मारली. ती पदराला हात पुसत आली, कॉम्प्युटरवरचा लाल चौकोन पाहिला आणि तिला सांगावं लागलं नाही.

"मले माहीत होतं," म्हणाली. "तुमचे असे आले का मी काढून टाकत होती. माहे टाकत होती त्या जागी. तीन वर्सं झाले."

बोलली का नाहीस, विचारलं. पाटीवर तुमचं नाव आहे, एवढं म्हणाली आणि आत गेली. भांडली असती तर बरं झालं असतं.

मी तिथेच बसून नानांना फोन लावला. मागच्या वेळी बोललो होतो त्याच आवाजात बोललो, स्वयंपाकघरात ऐकू जाईल असा. सांगितलं, धूसर फोटो माझे होते, चांगले सगळे तिचे. चूक माझी आणि खोटंही मीच बोललो. आतला नळ बंद झाला होता.

नानांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, धुळ्याला त्यांनाच पाठवा.

हो म्हणालो. मी यायचं की नाही, ते त्यांनी सांगितलं नाही.