आप्पांचा उलटा लेप

आमच्या आप्पांनी आयुष्यात एकच शोध लावला, आणि तो उलटा लागला.

आप्पा तंजावुरातल्या शाळेत रसायनशास्त्र शिकवायचे. निवृत्त झाल्यावर त्यांच्या मनानं घेतलं, की तंजावुरी चित्रांत सोन्याच्या वर्खाखाली जो उठाव देतात, त्यासाठी जन्मभर टिकेल असा लेप करायचा. खडूची पूड, चिंचोक्याची खळ आणि आणखी काय काय शिजवून (त्यात आईची दोन पातेली गेली!) त्यांनी तो केलाही. फक्त तो वाळला की लोणी व्हायचा आणि भिजला की दगड! डबीत शिशासारखा जड, पाण्यात बुचासारखा तरंगता. एका चित्रकारानं भिडेखातर वापरून पाहिला. उन्हाळ्यात त्याच्या बाळकृष्णाचे सगळे दागिने ओघळून पायाशी गोळा झाले.

"आप्पा, याचा जगात कुणाला उपयोग नाही हो," मी एकदा बोलून गेलो.

आप्पांनी माझ्या चष्म्याची मोडकी दांडी त्याच लेपानं जोडून दिली. तेव्हापासून हवा कोरडी असली की माझा चष्मा नाकावरून घसरू लागला, आणि मी, बँकेतला जबाबदार अधिकारी, खिशात लेपाची डबी घेऊन फिरू लागलो.

गेल्या महिन्यात आप्पा गेले.

अस्थी घेऊन आम्ही गाडीनं तिरुवैयारूला निघालो. मी, माझी अक्का आणि वाद्यार, म्हणजे आमचे भटजी. मडकं माझ्या मांडीवर. वाटेत एका गतिरोधकावर गाडी उडाली आणि मडक्याला तडा गेला.

"अय्यो! काय केलास रे!" अक्का ओरडली. "एवढं एक धरवत नाही तुला?"

मी खिशातली डबी काढली. तडा लिंपला. हात चालतोच आहे, तर झाकणही कडेनं लिंपून टाकलं! वरून बाटलीतलं पाणी शिंपडलं. मडकं टणक! मला भरून आलं. आप्पांचा लेप अखेर कामाला आला, तोही आप्पांच्याच.

कावेरीत गुडघाभर पाण्यात उभा राहून मी मडकं सोडलं. ते बुडेना! डुलत डुलत जरा पुढं गेलं, एक गिरकी घेतली आणि परत येऊन माझ्या गुडघ्याला टेकलं. पुन्हा सोडलं. पुन्हा आलं.

"झाकण काढून ओता हो," वाद्यार म्हणाले. "तिसऱ्यांदा मंत्र म्हणतोय मी."

"निघत नाही."

"का?"

"लिंपलंय."

"कशानं?"

मी अक्काकडं पाहिलं. अक्कानं कपाळाला हात लावला. "आप्पांच्या लेपानं? आणि पाण्यात घातलास? अरे, शाळेतली पोरंसुद्धा ओळखून होती त्याला!"

मी दगडानं ठोकून पाहिलं. दगड फुटला.

आता उपाय एकच. उन्हात वाळवायचं. घाटाच्या पायरीवर मडकं ठेवलं आणि आम्ही तिघं शेजारी बसून राहिलो. अर्धा तास गेला. बोट लावून पाहिलं, तर लेप तसाच कडक. वर पाहतो तो अक्का मडक्यावर छत्री धरून बसलेली!

"अक्का, मीट ती छत्री! सावलीत वाळणार कसं?"

"त्यांना ऊन सोसत नाही रे," अक्का म्हणाली.

वाद्यारांनी घड्याळात बघायचं सोडून दिलं. बऱ्याच वेळानं अक्कानं आपणहून छत्री मिटली, आणि मडक्याला म्हणाली, "थोडंच हं, आप्पा."

लेप मऊ झाला. झाकण सरकलं. या खेपेला मी ओंजळीनं अस्थी पाण्यात सोडल्या, आणि आप्पा परत आले नाहीत.

घरी आल्यावर अक्का माझ्याकडं बघत राहिली. "चष्मा घसरत नाही वाटतं आता?"

खरंच घसरत नाही. लेपाला जरा ओल लागते, एवढंच. महिना झाला, बाहेर रणरणतं ऊन आहे, आणि माझ्या चष्म्याची दांडी दगडासारखी घट्ट बसली आहे.