पेथेली, त्यांना सांग

फिजीतल्या वाइकुला गावात जावयाने सासऱ्याशी बोलायचं नसतं. त्याचं नाव घ्यायचं नाही, नजरेला नजर भिडवायची नाही, त्याच्या डोक्याला तर चुकूनही हात लागू द्यायचा नाही. सासऱ्यानेही जावयाला हाक मारायची नाही. काही सांगायचंच असेल तर मधे तिसरं माणूस हवं.

नेमानीला याचं कधी ओझं वाटलं नाही. तो मुळातच गप्प माणूस. डुकराच्या मागावर निघाला की सकाळपासून दुपारपर्यंत एक शब्द नाही, वाळक्या पानावर पाय पडल्याचा आवाज नाही. त्याची आई म्हणायची, "हा घरात आलाय का नाही ते मला भाताचं भांडं रिकामं झाल्यावर कळतं."

तर अशा नेमानीचं लग्न इलाइतियाच्या वासितीशी ठरलं आणि मधलं माणूस म्हणून उभा राहिला पेथेली. हा इलाइतियाचा पुतण्या, म्हणजे नेमानीचा चुलत मेहुणा. वाइकुलात मेहुण्यांना एकमेकांची वाटेल तशी टर उडवायची मुभा असते, आणि पेथेलीने ही मुभा एक दिवसही वाया घालवली नाही.

लग्नात नेमानीच्या घरच्यांनी डुक्कर आणलं. इलाइतियाने ते चारही बाजूंनी पाहिलं. नेमानी दोन हातांच्या अंतरावर बसलेला, नजर चटईत.

"पेथेली," इलाइतिया म्हणाला, "विचार त्याला, हे डुक्कर आहे का डुकराची सावली?"

"पेथेली, त्यांना सांग, चांगलं लठ्ठ आहे. चार जणांनी उचलून आणलंय."

"विचार, ते चौघं आजारी होते का?"

"काका, तो म्हणतोय," पेथेलीने गंभीर चेहरा केला, "तुमचं पोट पाहून बिचारं डुक्कर लाजलं. म्हणून अंग चोरून बसलंय."

असं काही नेमानी म्हणालाच नव्हता. पण बायका आत इतक्या हसल्या की इलाइतियालाही मिशीवर हात फिरवावा लागला. त्या डुकराचा विषय मात्र संपला नाही. पुढची तीन वर्षं इलाइतिया अधूनमधून पेथेलीमार्फत त्याचं वजन विचारायचा, आणि नेमानी दर वेळी तितक्याच शांतपणे सांगायचा, "लठ्ठ होतं."

मग जपानशी लढाई आली. फिजीच्या पलटणीत भरती सुरू झाली तेव्हा इलाइतियाची चाळिशी उलटलेली. भरतीच्या टेबलाशी त्याने छत्तीस सांगितलं आणि मागे उभ्या पेथेलीने खोकून वेळ मारून नेली. एका भागातली माणसं एकाच तुकडीत ठेवायची पद्धत, त्यामुळे तिघं एकत्र पडले. इलाइतिया वर्षभरात सार्जंट झाला.

निघायच्या दिवशी धक्क्यावर वासितीने नेमानीच्या हातात शिजवलेल्या कंदांची टोपली दिली.

"बाबांना परत आण."

"आणतो."

"नुसतं आणतो म्हणू नको. घरात आजवर मी दोन मुकी माणसं सांभाळली. एकटा आलास तर भांडणार नाही मी. पण मग तिसरी मुकी मी होईन. जन्मभर."

नेमानीने टोपली खांद्यावर घेतली. वासिती कधी पोकळ धमकी देत नाही, हे त्याला ठाऊक होतं.

बोगनव्हिल बेटावरचं जंगल घरच्यासारखं दिसायचं आणि घरच्यासारखं वागायचं नाही. पाऊस रोजचा. चिखल गुडघ्याएवढा, आणि त्या चिखलात बूट घातले की आठवड्यात पायाची कातडी सोलून यायची. नेमानीने पहिल्याच गस्तीला बूट काढून पिशवीत टाकले आणि अनवाणी पुढे झाला. तुकडीच्या वीस पावलं पुढे चालणारा माणूस तो. वाटेवरचं कोळ्याचं जाळं अखंड आहे का फाटलंय, हे तो आधी बघायचा. फाटलेलं असलं तर सकाळपासून कुणीतरी गेलंय. बेडूक एकाएकी गप्प झाले तर तोही थांबायचा. एकदा सुक्या मासळीच्या वासावरून त्याने झुडपात लपवलेली मशीनगन शोधली होती. तो मूठ वर करायचा आणि मागची तीस माणसं झाडासारखी उभी राहायची. आपण त्याच्यामुळे जिवंत आहोत, असं त्या तिसातल्या प्रत्येकाला कधी ना कधी वाटून गेलं होतं. बोलून मात्र कुणी दाखवलं नाही. पेथेलीने तेवढं दाखवलं, आपल्या पद्धतीने.

"आमचा दाजी चालतो कसा बघा! डास पण त्याला विचारतात, अरे, तू आलास कधी?"

तुकडीचा लेफ्टनंट बार्टन न्यूझीलंडचा. त्याला हे सासरा-जावई प्रकरण पहिले काही दिवस झेपेना. सार्जंट नकाशा घेऊन बसलेला, नेमानी हाताच्या अंतरावर, आणि तरी मधे पेथेली.

"पेथेली, विचार त्याला, ओढ्यापलीकडे किती जण होते?"

"पेथेली, त्यांना सांग, नऊ. एकाचा पाय दुखावलाय."

"सार्जंट," बार्टन शेवटी म्हणाला, "तो तुमच्या समोर बसलाय."

"हो सर. म्हणून तर पेथेली लागतो."



एका सकाळी पेथेली मलेरियाने फणफणला. त्याला तळावर तीन कांबळ्यांखाली ठेवून तुकडी नदी ओलांडून गस्तीला गेली. दुपारी टेकडीच्या कुशीत जपान्यांनी त्यांना गाठलं. आधी उखळी तोफांचे गोळे पडले, मग दोन्ही बाजूंनी गोळीबार. बार्टनने नदीकडे मागे सरायचा हुकूम दिला. सार्जंट इलाइतिया सगळ्यात शेवटी, माणसं मोजत. त्याच्याजवळ गोळा फुटला. चिखलाचा लोळ उठला आणि तो दिसेनासा झाला.

"इलाइतिया!" कुणीतरी जिवाच्या आकांताने ओरडलं. "इलाइतिया!"

उत्तर नाही. तुकडी नदीपार पोचली. आणि मग त्या बाजूच्या झाडीतून हाक आली. लांबवलेली, परकी. "इ-लाइ-ति-या! इ-लाइ-ति-या!"

शत्रूने नाव ऐकलं होतं. आता ते नाव गळासारखं पाण्यात सोडून ते बसले होते.

नेमानी बार्टनसमोर येऊन उभा राहिला. "सर, मी जाऊन आणतो."

"जिवंत असेल कशावरून?"

"ते हाक मारतायत, सर. सासरे सापडले असते तर हाक मारली नसती."

बार्टनने पलीकडच्या झाडीकडे पाहिलं. "पण तू जाऊन करशील काय? तू तर त्याच्याशी बोलतसुद्धा नाहीस!"

नेमानीने रायफल डोक्यावर धरली आणि पाण्यात उतरला.

रक्ताचा माग त्याला लवकर सापडला, पण पोटावर सरकत तेवढं अंतर जायला तास लागला. एका अजस्र वडाच्या दोन मुळांच्या खोबणीत इलाइतिया पाठ टेकून बसला होता. चेहरा चिखलाने आणि फुटलेल्या गोळ्याच्या दारूने काळा, डोळे सुजून मिटलेले. डाव्या मांडीला स्वतःचाच पट्टा आवळलेला. उजव्या मुठीत हातबाँब. त्याची खिटी काढलेली होती, तिची कडी डाव्या अंगठ्यात अडकवलेली. मूठ सैल झाली की संपलं.

पन्नास-साठ पावलांवरून पुन्हा हाक आली. "इलाइतिया! पाणी! ये!"

इलाइतियाने आवाजाच्या दिशेला मान वळवली, मूठ खांद्यापर्यंत उचलली आणि वाट बघत राहिला.

नेमानी चिखलात जागच्या जागी थिजला. आठ पावलं उरली होती. फांदी मोडली तर बाँब अंगावर येणार. खोकलं तरी येणार. आणि नावाने हाक मारली तर? नाव तर तेही घेत होते. शिवाय जावई नाव घेईल, हे इलाइतियाच्या स्वप्नातही आलं नसतं. त्याच्या तोंडून ते नाव ऐकलं की सासऱ्याची खात्रीच पटणार, हा शत्रू. लग्नापासून आजवर या माणसाने आपला आवाज ऐकलाय तो फक्त एकाच तऱ्हेने.

नेमानीने ओठ ओले केले आणि अगदी हलक्या आवाजात, घरी चटईवर बसून बोलावं तसं म्हणाला,

"पेथेली, त्यांना सांग, मी आलोय."

इलाइतियाची मूठ हवेत थांबली. पानांवरून पाणी ठिबकत होतं.

"पेथेली," वडाच्या मुळातून घोगरा आवाज आला, "विचार त्याला, लग्नातलं डुक्कर कसं होतं?"

"पेथेली, त्यांना सांग, लठ्ठ होतं."

"खोटारडा," इलाइतिया पुटपुटला, आणि त्याचा उचललेला हात हळूहळू मांडीवर आला. "पेथेली, सांग त्याला, हातात बाँब आहे. बोटं बधिर झालीत. जवळ येऊ नको."

"पेथेली, त्यांना सांग, मी जवळ येतोय."

आठ पावलं. नेमानीने दोन्ही हातांनी सासऱ्याची मूठ गच्च धरली, अंगठ्यातली कडी सोडवली आणि खिटी परत भोकात बसवली. जन्मात पहिल्यांदा त्याने या माणसाला स्पर्श केला होता. मग पाण्याची बाटली उघडून तो थबकला. डोळे धुवायचे तर डोकं धरायला हवं.

"पेथेली, त्यांना विचार..."

"पेथेली, त्याला सांग, धर म्हणावं. गावात गेल्यावर बघू."

डोकं मांडीवर घेऊन त्याने डोळे धुतले. डावा डोळा उरलाच नव्हता, उजव्यातून अंधूक उजेड आत जात होता. मग त्याला पाठीवर घेतलं. तेवढं एक रीतीला धरून होतं, सासऱ्याचं डोकं जावयाच्या डोक्यापेक्षा उंच राहिलं.

वाटेत दोनदा जपानी इतके जवळून गेले की त्यांच्या पाण्याच्या बाटल्यांची खळखळ ऐकू आली. दोन्ही वेळा नेमानी पाठीवरच्या भारासकट चिखलात उभा राहिला, श्वाससुद्धा तोंडाने घेत. नदीपाशी पोचले तर पाणी चढलेलं. सकाळी कमरेएवढं होतं, आता छातीला लागत होतं. मध्यावर नेमानीचा पाय गोट्यावरून निसटला. दोघं पाण्याखाली गेले, वर आले, पुन्हा गेले. ओढ वाढत होती. नेमानीच्या नाकातोंडात पाणी.

आणि पाठीवरून इलाइतिया ओरडला, मधे कुणीही न ठेवता, "नेमानी! सोड मला! ऐकतोस का? सोड, नेमानी!"

नेमानीने सासऱ्याच्या मनगटावरची पकड आणखी आवळली. पायाला तळ लागला. दोन पावलं गेल्यावर धापा टाकत तो म्हणाला,

"पेथेली, त्यांना सांग, पाण्याचा फार आवाज आहे. मला काही ऐकू आलं नाही."

काठावरच्या पोरांनी दोघांना ओढून घेतलं. स्ट्रेचरवरून तळावर नेताना आजाऱ्यांचा तंबू लागला, तशी इलाइतियाने थांबायची खूण केली.

"पेथेली कुठाय? दुपारभर बोलतोय त्याच्याशी, पण एका अक्षराचं उत्तर नाही कार्ट्याचं!"

तीन कांबळ्यांखालून पेथेलीचं डोकं बाहेर आलं. "काय झालं काका? मी काय केलं?"

अहवाल लिहायला बसलेल्या बार्टनने नेमानीला विचारलं, "शेवटी बोललास तर! काय म्हणालास त्याला?"

"त्यांना काही नाही, सर. मी पेथेलीशी बोललो."

"पेथेली इथे होता. तापात."

"हो, सर."

बार्टनने पेन खाली ठेवलं. अहवालात त्याने एवढंच लिहिलं की नेमानीने सार्जंटला शोधून, पाठीवर घेऊन, नदी पार केली.

लढाई संपून वर्ष झालं असेल. वाइकुलात एका सकाळी नेमानी देवमाशाचा दात घेऊन सासऱ्याच्या घराकडे निघाला. डोक्याला हात लावला होता, त्याची रीतीप्रमाणे असा दात देऊन माफी मागायची राहिली होती. दात मिळवायला त्याने वर्षभर कंदांच्या मळ्यात पाठ मोडली होती. अर्ध्या वाटेवर काठी टेकत इलाइतिया येताना दिसला. त्याच्या हातातही दोरीने बांधलेला पिवळा पडलेला दात. जावयाला नावाने हाक मारली होती ना.

पेथेलीला बोलावणं गेलं. तो येऊन दोघांच्या मधे चटईवर बसला, एकदा इकडे बघितलं, एकदा तिकडे. यांगोना या मुळीच्या पेयाचं भांडं भरलेलं होतं, पण सुरुवात कुणी करायची ते कळेना.

"पेथेली," शेवटी इलाइतिया म्हणाला, "विचार त्याला, दात कशाला आणलाय? माझे डोळे बंद होते. डोक्याला हात कुणी लावला, मी पाहिलं नाही."

"पेथेली, त्यांना सांग, पाण्याचा आवाज होता. नाव कुणी घेतलं, मी ऐकलं नाही."

"म्हणजे दोन्ही दात परत?" पेथेली उसळला. "आणि मी? मी तापात पडल्यापडल्या तुम्हा दोघांना वाचवलं, त्याचं काय?"

इलाइतियाने आपला दात दोन्ही हातांनी उचलला. एका डोळ्याने त्या दाताकडे पाहिलं. आणि पेथेलीसमोर न ठेवता तो चटईवरून सरळ पुढे सरकवला, नेमानीच्या गुडघ्यापाशी.

"पेथेली, त्याला सांग, माफीचा नाही हा. पाठीवर आणल्याचा आहे. घ्यावाच लागेल."

नेमानीने वाकून दात कपाळाला लावला. रीतीप्रमाणे ओंजळीच्या तीन पोकळ टाळ्या वाजवल्या.

"पेथेली, त्यांना सांग..."

"सांगितलं," पेथेली म्हणाला.

आतून, चुलीपाशी उभ्या असलेल्या वासितीचा आवाज आला. ती कुणाला उद्देशून बोलली, ते आजतागायत ठरलेलं नाही.

"दोघं परत आलेत ना? मग बसा जेवायला. डुक्कर शिजलंय. लठ्ठ आहे."