लेकीच्या घरातली डेचकी

कासार आंबोलीच्या फाट्यावर एसटी थांबली तेव्हा आईने पितळेची डेचकी लेकरासारखी कडेवर धरली होती. डेचकीच्या तोंडाला फडके बांधलेले होते आणि आत मीठ-मिरचीच्या पुड्या. पायाशी आंबेमोहोर तांदळाचे पोते. शेजारच्या पारूकाकू निरोप द्यायला आल्या होत्या. निरोप देता देता चिमटे काढणे हा त्यांचा हक्कच होता.

“लेकीकडं चाललीस का बाजाराला गं? तिच्याकडं भांडीकुंडी न्हाईत व्हय?”

“हायेत की. मास्तरीण हाय ती, लई हायेत,” आई म्हणाली. “पर माजी डेचकी तितं न्हाई.”

कंडक्टरने पोते टपावर चढवायला दिले आणि डेचकीसाठी हात पुढे केला. आई मागे सरली.

“आवो मावशी, द्या की. पडत न्हाई ती.”

“पोतं टाक वर. ही माज्या मांडीव बसंल.”

“मंग तिचं बी अर्धं तिकीट काढा!”

बसमधली माणसे हसली. आई हसली नाही. तिने खिडकीशी जागा धरली, डेचकी मांडीवर घेतली आणि गाडी वळणावर जाईपर्यंत मागे पाहिले नाही. पारूकाकूच पदराने डोळे पुसत धुळीतून थोड्या चालत आल्या. मी आईला न्यायला आले होते. ती एकदाची बसमध्ये बसली, याचेच मला समाधान होते. डेचकी बरोबर कशासाठी घेतली हे मला ठाऊक होते, पण त्याचे पुढे बघू, असे मी मनाला समजावले.

ईशान आणि मीरा, माझ्या नातवंडांनो, हे आज लिहायला बसले त्याला कारण तुम्हीच. तिकडे विलायतेत स्काउटच्या कॅम्पवरून परत आल्यावर ईशान फोनवर कुरकुरत होता, की सगळ्यांचा रस्सा शिजवलेली भलीमोठी डिक्सी घासायची पाळी त्याच्यावर आली. मीरा म्हणाली, “डिक्सी हे भांड्याचं नाव कसं? ते तर मुलीचं वाटतं.” मी तेव्हा नुसती हसले आणि लिहून कळवते म्हटले. कारण ती डिक्सी आपल्या नात्यातली आहे, आणि ते नाते फोनवर सांगून संपण्यासारखे नाही.

आपल्या भाषेत शिजवायच्या भांड्यांना नावे पुष्कळ. पातेले हे पात्रावरून आले, तपेले तापण्यावरून. गावाकडे रोजच्या भांड्याला भगुणे म्हणत. पण आईची डेचकी ती डेचकीच. गळ्याशी किंचित आवळलेली, काठ बाहेर वळलेला, बूड जाड. माझ्या वडिलांनी ती पौडच्या बाजारातून आणली होती. वडील गेले, शेत चुलतभाऊ कसू लागले, घराच्या दोन खोल्या आणि सुगीला वाट्याचा तांदूळ एवढे आईकडे राहिले. मी एकुलती एक. वडिलांनी हट्टाने मला पुण्याला ठेवून इंग्रजी शिकवले होते. लग्नानंतर मी खडकीला राहायला गेले. तुमचे आजोबा तिथल्या सरकारी कारखान्यात होते आणि मी मुलींच्या शाळेत इंग्रजी शिकवत असे.

आदल्या थंडीत आई तापाने एकटीच पडून होती. सकाळी दार उघडले नाही म्हणून पारूकाकू आत शिरल्या, तेव्हा तिच्या उशाशी पाण्याचा तांब्यासुद्धा नव्हता. ते ऐकल्यापासून माझे शाळेत लक्ष लागेना. पावसाळा सुरू होण्याआधी तिला घेऊन यायचेच, असे आम्ही दोघांनी ठरवले.

अडचण एकच होती, आणि ती तुम्हाला विचित्र वाटेल. लेकीला मूल होईपर्यंत आईबापाने तिच्या घरी जेवायचे नाही, अशी आमच्याकडे रीत होती. काही घरांत पाणीसुद्धा घेत नसत. मला तेव्हा मूल नव्हते. लग्नाला काही वर्षे झाली होती, आणि या गोष्टीबद्दल आई मला कधी एका शब्दाने बोलली नव्हती. पण ती माझ्या घरचे जेवत नाही, हे रोज दोन वेळा माझ्या डोळ्यांसमोर घडणार होते.

खडकीच्या क्वार्टर्स म्हणजे एकाला एक लागून दोन खोल्यांची घरे आणि पुढे लांबलचक व्हरांडा. शेजारी एका बाजूला कलकत्त्याच्या घोषवहिनी, दुसऱ्या बाजूला मद्रासकडच्या लक्ष्मीअम्मा. सकाळी भोंगा झाला की सगळीकडून स्टोव्हची घरघर सुरू व्हायची आणि व्हरांड्यात मोहरीचे तेल, खोबरेल आणि आपली फोडणी यांचे वास एकमेकांत मिसळायचे. आईने आल्या दिवशीच व्हरांड्याच्या कोपऱ्यात वेगळी शेगडी मांडली. तांदूळ तिचा, मीठ तिचे, डेचकी तिची.

“आणि पाणी?” मी जरा चिडूनच विचारले.

“नळ सरकारचा हाय. तुज्या घरचा न्हाई,” ती म्हणाली आणि बादली घेऊन रांगेत जाऊन उभी राहिली.

हे सगळे ती भांडून करत नव्हती. माझी वेणी घालायची, तुमच्या आजोबांच्या सदऱ्याची बटणे लावायची, शाळेतून यायला उशीर झाला तर दारात उभी असायची. फक्त जेवायची वेळ झाली की व्हरांड्यात जाऊन भिंतीकडे तोंड करून आपला भात खायची. मी आत जेवायचे. मध्ये एक दार. शाळेत मी मुलींना इंग्रजी कविता समजावून सांगे, पण घरी स्वतःच्या आईला चार घास खा म्हणून समजावणे मला जमत नव्हते.

माझे लक्ष त्या पोत्याकडे असे. आले तेव्हा ते भिंतीला टेकून ताठ उभे होते. मग वाकले, मग बसले, आणि श्रावणात त्याची घडी पडू लागली. पोते संपले की आई परत जाणार, हे तिने बोलूनच दाखवले होते. नवा तांदूळ दिवाळीनंतर. तोवर त्या ओल्या खोल्यांत ती काय खाणार होती आणि पुन्हा ताप आला तर कोण बघणार होते? मी विकत आणलेला तांदूळ तिला चालणार नव्हता. तिच्या हातात पैसे ठेवले असते, तर ते तिने माझ्याच उशाखाली ठेवले असते.

अशात एक दिवस घोषवहिनी दारात आल्या. “मौशी, आपका डेकची मिलेगा? घर में मेहमान आया है.”

आईने माझ्याकडे बघितले. “हिला डेचकी म्हाईत हाय?”

“त्यांच्याकडे डेकची म्हणतात,” मी म्हटले.

आईने डेचकी राखेने घासून, पुसून दिली. दुसऱ्या दिवशी ती परत आली तेव्हा आत काठोकाठ बारीक, सुवासिक तांदूळ होता. “खाली बर्तन लौटाना ठीक नहीं, मौशी,” घोषवहिनी म्हणाल्या. आई बघत राहिली. मागून नेलेले भांडे रिकामे परत करायचे नाही, ही रीत आमच्या आंबोलीतलीच आहे, असे तिला वाटत होते.

तो तांदूळ लेकीच्या घरचा नव्हता. आईने वास घेतला, मान डोलावली आणि तो आपल्या पोत्यात ओतला.

पुढच्या आठवड्यात लक्ष्मीअम्मा आल्या. त्या डेचकीला देक्सा म्हणाल्या. देक्सा गेली आणि उकडा तांदूळ घेऊन परत आली. मग पुन्हा घोषवहिनी. आईचे बोचके आवरायचे राहून गेले. मला नवल वाटे आणि देवाचे आभार मानावेसे वाटत. एका रात्री तुमच्या आजोबांनी हळूच सांगितले, की आभार मानायचेच असतील तर निम्मे त्यांचेही मानावेत. शेजाऱ्यांकडे जाऊन त्यांनीच डेचकी मागायची विनंती केली होती. घोषवहिनींना तर सगळे सांगावेही लागले नव्हते. त्यांच्याकडेही आई मुलीच्या घरी सहज जेवत नसे.

हे पावसाळा संपेपर्यंत निभेल, असे आम्हाला वाटत होते. पण आईचे डोळे शेतावरचे होते. कुंपण कुठे हलले ते त्यांना लांबून दिसे.

एका संध्याकाळी तुमचे आजोबा शिफ्टवरून आले, तर आई उंबऱ्याशी बसलेली.

“जावईबापू, जरा बसा. घोषबाईकडं सारखं पाव्हणं येत्यात म्हनं.”

“हो मामी, येतात बुवा.”

“येत्यात कुटनं? मी दिसभर हितंच बसल्याली असती. एक बी दिसला न्हाई. कौलातनं उतरत्यात का?”

आजोबा बुटाची नाडी सोडायला खाली वाकले, ते वर बघेनात.

“अन् लक्ष्मीबाई. तिच्याकडं माज्या डेचकीच्या दुप्पट भांडं हाय. म्या सोता बघितलंय. तिला माजी कशाला लागतीया?”

मी आतून सगळे ऐकत होते. आता संपले, असे वाटले. आता ही उठणार, पोते झटकणार आणि सकाळची एसटी धरणार. आई उठलीच. पण ती व्हरांड्यातल्या शेगडीकडे न जाता आत आली. माझ्या ओट्यावर डेचकी झाकून ठेवलेली होती, ती माझ्या लक्षातच आली नव्हती. झाकण काढले तर वाफाळता भात, तिघांना पुरेल एवढा.

“ताटं घी शालू. बसा दोगं.”

आम्ही बसलो. तिने आम्हाला वाढले. आम्ही घास घेईपर्यंत ती उभी होती.

“आता सांग, ह्या घरात कोन कुनाचं खातंय?”

“आम्ही तुझं खातोय,” मी म्हणाले.

“मंग झालं तर. लेकीच्या घरचं मी खात न्हाई. लेक माज्या डेचकीतलं खाती. रीत बी ऱ्हाती अन् मी बी ऱ्हाती.”

मग ती आमच्या पंक्तीला बसली. आपल्या भाताला खळगा केला आणि माझ्या पातेल्यातली आमटी त्यात ओतून घेतली.

“मामी,” तुमचे आजोबा अगदी गंभीरपणे म्हणाले, “आमटी मात्र आमची आहे हं.”

“गप जेवा. आमटीचं काय घिऊन बसलाय? ती तोंडी लावायला असती.”

इतके हलके मला पुन्हा क्वचितच वाटले असेल. मधले दार त्या रात्रीपासून उघडेच राहिले. दुकानातला तांदूळ आम्ही आणायचा, तो तिच्या पोत्यात ओतायचा, आणि पोत्यात पडला की तो तिचा, असा नवा कायदा तिनेच केला. तुमची आई जन्मली ती पुढे बऱ्याच दिवसांनी. तेव्हा रीतीप्रमाणे आईला माझ्या घरी जेवायला काहीच हरकत उरली नव्हती. पण ती डेचकीतला भात आम्हाला वाढतच राहिली.

शेजारणींच्या तोंडी थोडी थोडी बदलणारी ही नावे माझ्या डोक्यातून जाईनात. शाळेच्या लायब्ररीतला जाड शब्दकोश काढून बघितले. मूळ शब्द फारशी, देग, म्हणजे मोठा हंडा. पौडला मुसलमान कुटुंबांच्या लग्नात चुलाणावर चढणारी देग मी लहानपणी पाहिली होती. फारशीत धाकटेपणा दाखवायला पुढे ‘चा’ लावतात, इकडे त्याचे ‘ची’ झाले, म्हणून लहान देग ती देगची. ती घोषवहिनींकडे डेकची झाली, लक्ष्मीअम्मांकडे देक्सा झाली, आणि आपल्याकडे अक्षरांची अदलाबदल होऊन डेचकी. गोऱ्या पलटणींनी तीच छावणीत उचलली आणि तिची डिक्सी करून विलायतेला नेली. कारखान्याच्या कॅन्टीनमध्येही मोठ्या भांड्याला डिक्सीच म्हणतात, असे तुमच्या आजोबांनी सांगितले. मीरा, तू म्हणालीस ते मुलीचे नाव एका अर्थाने खरेच आहे.

मी आईला हे सगळे सांगितले, तेव्हा ती तांदूळ निवडत होती.

“म्हंजी देगची लेक म्हन की.”

“तसंच.”

“अन् गेली तितं आपली झाली?”

“झाली की. तूच तिला आपली म्हणत होतीस.”

“मंग माजं काय येगळं हाय,” ती म्हणाली आणि सुपातले तांदूळ पाखडू लागली. पुढे अखेरपर्यंत ती आमच्याकडेच राहिली. आंबोलीला जायची ती पाहुणी म्हणून, पारूकाकूंसाठी खडकीची बिस्किटे घेऊन.

आता मी राहते त्या घोटावड्याच्या बाजूच्या इमारतीतून डोंगर दिसतो आणि हिंजवडीकडे निघालेल्या कंपनीच्या गाड्यांची रांगही दिसते. आजोबा गेल्यापासून घरात मी एकटीच. तुमची आई दर रविवारी फोनवर एकच म्हणते, “आई, आता इकडे ये. तू आजारी पडलीस तर मला कोण सांगणार?” मी दर वेळी काहीतरी कारण काढत आले. गुडघे, थंडी, व्हिसा. परवा ईशानची डिक्सी ऐकली आणि माझीच कारणे मला ऐकू आली. मीही व्हरांड्यात वेगळी शेगडी मांडून बसले होते.

तेव्हा ठरले. मी येते आहे, आणि या वेळी परतीची घाई नाही. हे लिहिताना छातीवरचे काहीतरी उतरल्यासारखे वाटते. समोरच्या फ्लॅटमध्ये कलकत्त्याची एक मुलगी राहते, कंपनीत आहे, आठवड्याला एकदा तरी माझी ‘डेकची’ मागायला येते आणि कधी रिकामी परत करत नाही. आईची ती डेचकी मी तिलाच देऊन निघणार आहे, आंबेमोहोर भरून.

माझ्या आईने लेकीकडे येताना भांडे आणले, तांदूळ आणला, मीठही आणले. मी यातले काही आणणार नाही. माझे घर कुठे, असे कुणी विचारले तर मी आता सांगेन, जिथे मला माझे भांडे न्यावे लागत नाही तिथे. पोचेन त्या दिवशी तुमच्या आईला नेहमीपेक्षा जरा जास्त भात लावायला सांगा. मला भूक लागलेली असेल.