साहेबासाठी बुजवलेला चर

आमची सासू पारुबाई पाहुण्याला पाणी दिल्याबिगर स्वतः घोट घेत न्हाई. सगळा तांडा तिला याडी म्हणतो, म्हणजे आई. मीबी तेच म्हणते. पर त्या दिवशी मला तिचा असा राग आला, काय सांगू!

डोंगरकड्याच्या शिवारात आमची हळद. शेताची वाट शेजारच्या अमृतरावाच्या रानातनं जाते, आजेसासऱ्यापासूनची. यंदा त्यानं मशीन लावून वाटंतच आडवा चर खांदला. आमी वढ्यातनं वळसा घालून पायी जाऊ, पर ट्रॅक्टर कसा न्यायचा? हळद शिजवायचा कुकर कसा न्यायचा? पाला वाळला होता, काढणी तोंडावर आलेली. अवकाळी आला असता तर समदी हळद जमिनीतच कुजली असती.

तहसीलदाराकडं अर्ज दिला. साहेब स्वतः वाट बघायला येणार असं कळलं. अन् आमच्या याडीनं काय करावं? पहाटं उठून दगड-माती टाकून चरच बुजवला! वरनं सडा मारला!

"काहून केलं हे, याडी?"

"अगं शिला, साहेब आपल्या शेताला येऊन राहिले. त्यांचे पाय चिखलात घालू व्हय?"

साहेब त्याच्यावरनंच चालत आले, पाणी पिले अन् म्हणाले, "वाट तर चालू आहे की." मी घसा फोडून सांगितलं, कोण ऐकतो! अमृतराव मिशीत हसत उभा. अर्ज फेटाळला अन् त्यानं चर पुन्हा खांदला, पहिल्याहून रुंद.

माझा नवरा प्रेमदास डोक्यानं गरम. "साहेब लोकांचं काय खरं न्हाई, आता थेट हायकोर्ट!" म्हणला अन् वकील गाठला. कोर्टानं एकच विचारलं, तहसीलदाराच्या वर प्रांतसाहेब आहेत, त्यांच्याकडं दाद मागितली का? न्हाई ना? मग आधी तिथं जा. आलो हात हलवत.

प्रांताकडं अर्ज गेला. आभाळात ढग दिसला की मी हळदीकडं धावायचे. ह्यांनीबी न्हाई म्हणलं तर? याडीला तर अन्न गोड लागंना.

प्रांतसाहेब येणार त्या सकाळी मी तिचा हातच धरून ठेवला. "याडी, आज एक ढेकूळबी टाकायचं न्हाई. माझ्या लेकराची आन हाय तुमाला."

"एक फळी तरी टाकू दे गं."

"न्हाई म्हणजे न्हाई!"

गाडी चराच्या पलीकडं थांबली. आमी अलीकडं, शेताच्या बाजूला. याडीच्या हातात पाण्याचा तांब्या.

"आजी, तिकडं कसं यायचं?" साहेबांनी विचारलं.

याडीनं तांब्या पुढं केला. हात पुरंना. आणखी वाकली, तरी पुरंना. मंग रडायलाच लागली. "न्हाई येता येत, साहेब. पाहुणा दारात उभा हाय अन् मला पाणीबी देता येईना."

अमृतराव खाली बघून राहिला. साहेब कारकुनाला म्हणाले, "आजी बोलल्या ते जसंच्या तसं लिहून घ्या."

वाट खुली झाली. पाऊस यायच्या आधी हळद घरी आली, देव पावला. कुकरची पहिली वाफ निघाली तवा मी हसत होते, अन् याडी वाटंकडं बघत बसलेली.

"आता काय झालं, याडी?"

"तो साहेब तहानेला गेला गं," म्हणली.