लिंकबाईंनी मारलेली रेघ

प्रकाशकाच्या कचेरीत त्यांना सगळे लिंकबाई म्हणत. नाव चिडवायला ठेवलं होतं, पण बाईंना चिडायलाही सवड नव्हती. कचेरीतून निघणाऱ्या जाडजूड पुस्तकांत सगळ्यात जाड पुस्तक होतं इंटरनेटच्या इतिहासाचं. दर काही वर्षांनी त्याची नवी आवृत्ती काढावी लागे, कारण हा इतिहास एका जागी बसायला तयारच नव्हता. पुस्तकाच्या शेवटी टिपांची पानंच्या पानं, आणि जवळजवळ प्रत्येक टिपेत कुठल्यातरी वेबसाइटचा पत्ता.

तो पत्ता अजून उघडतो की नाही हे पाहणं, हे बाईंचं काम. बहुतेक उघडत नसत. कोणाची कंपनी बुडालेली, कोणाचा उत्साह संपलेला, कोणी माणूसच गेलेला. मग जुनी पानं जिथे साठवून ठेवतात तिथे शोधायचं. तिथेही नाही मिळालं तर पेन्सिलीने रेघ. आणि पुस्तकातलं वाक्य त्या एकाच पत्त्याच्या भरवशावर असेल, तर वाक्यालाही रजा. "इतिहास लिहायला डोकं लागतं, पुसायला नुसती मान मोडून घ्यावी लागते," असं त्या म्हणत. दिवसभर 'पान सापडले नाही' वाचून डोळे चुरचुरत, खांदे भरून येत. संपादक म्हणायचा, "बाई, पुरे आता, घरी जा." जणू घरी कोणी पाय दाबायला बसलं होतं!

घरी यजमान होते. टेलिफोन खात्यातून निवृत्त, कानाने अधू, आणि या पुस्तकात नाव छापून आलेले. इंटरनेट फोनच्या तारेतून यायचं आणि लागताना किंचाळायचं, त्या काळात त्यांनी गावासाठी एक पान चालवलं होतं. कोणीही काहीही विचारावं. आज दवाखाना उघडा आहे का, शेवटची बस कधी सुटते, कुत्रं चावलं तर काय करायचं. उत्तर हमखास मिळे, चौकशीच्या खिडकीवर मिळायचं त्यापेक्षा लवकर आणि न खेकसता. पुस्तकात यावर दोनच वाक्यं होती, पण यजमान त्या दोन वाक्यांवर जगत होते. पाहुणा टेकला रे टेकला की पुस्तक त्याच्या मांडीवर.

खरी गोष्ट थोडी वेगळी होती. यंत्र यजमानांनी आणलं, पान त्यांनी उभं केलं, यात खोटं काही नाही. पण कामावरून आले की ते आडवे होत, आणि उत्तरं बाई देत. स्वयंपाक उरकायचा, दवाखान्यात फोन लावायचा, बसवाल्यांच्या मागे लागायचं आणि मग एका बोटाने टाइप करत बसायचं. खाली नाव यजमानांचं, कारण पान त्यांच्या नावावर होतं आणि दुसरं नाव घालावं असं कोणाच्या मनात आलंच नाही. बाईंच्या आलं होतं. पण आपणच आपलं नाव काढायचं म्हणजे जिभेला जड जातं.

नव्या आवृत्तीच्या तपासणीत ती टीप समोर आली. पत्ता उघडेना. फुकट जागा देणाऱ्या कंपनीने गाशा गुंडाळताना सगळी पानं पुसून टाकली होती. साठवणीतही काही मिळेना. बाई खुर्चीत मागे रेलल्या. सोडून दिलं असतं तर कोणाला कळणार होतं? तपासणारीला कोण तपासतं? पण आजवर त्यांनी कितीतरी अनोळखी माणसांची वाक्यं उडवली होती. घरचं तेवढं राखायचं, हे त्यांना पटेना. त्यांनी रेघ मारली. मारताना बरं वाटलं, आणि बरं वाटलं म्हणून लाज वाटली. नियम पाळला की उट्टं काढलं, हे त्यांनाही सांगता आलं नसतं.

संध्याकाळी चपला काढता काढताच त्यांनी सांगून टाकलं. "अहो, पुस्तकातून तुमचं नाव जाणार. पानच उरलं नाही कुठे."

"कोणी काढलं?"

"मी."

यजमानांनी भिंतीकडे तोंड केलं ते कितीतरी दिवस. बाईंनी समजूत घातली नाही. तेवढं त्राणच नव्हतं अंगात.

संपादकाला काय वाटलं कोण जाणे, त्याने पुस्तकाच्या लेखकाला कळवलं. लेखक म्हणाला, पान गेलं तर गेलं, चालवणारा माणूस आहे ना? मी स्वतः त्यांच्याशी बोलतो आणि मुलाखतीची टीप घालतो. सुट्टीच्या दिवशी जेवणं होतात तोच त्याचा फोन आला. यजमानांना ऐकू यावं म्हणून आवाज मोठा केलेला, त्यामुळे सगळ्या घराला ऐकू येत होतं. यजमान खुलले. तारा, खांब, यंत्राची किंचाळी, सगळं रंगवून सांगू लागले.

"पण एवढ्या लोकांची उत्तरं तुम्ही मिळवायचात कुठून?" लेखकाने विचारलं.

यजमान थबकले. ताटं उचलणाऱ्या बाईही थबकल्या. एक थाप मारायचा अवकाश, दोन्ही वाक्यं जागच्या जागी राहिली असती.

"उत्तरं घरातूनच जायची," यजमान घसा खाकरून म्हणाले.

"म्हणजे तुम्हीच द्यायचात?"

"नाही. ही द्यायची. सगळी हीच द्यायची. मी झोपलेला असायचो."

"अरे! मग त्यांचं नाव घालायला हवं."

यजमानांनी फोनवर तळहात ठेवला आणि बाईंकडे पाहिलं. "काय गं, घालू दे का?"

तो चेहरा बाईंना पाठ होता. आता आपण 'राहू दे' म्हणावं, अशी त्याची अपेक्षा होती. जन्मभर त्या कोणी विचारायच्या आधीच 'राहू दे' म्हणत आल्या होत्या, आणि त्या शब्दाचाच त्यांना सगळ्यात जास्त शीण आला होता. त्यांनी ताटं खाली ठेवली, यजमानांच्या हातून फोन घेतला आणि आपलं संपूर्ण नाव सावकाश सांगितलं. लेखकाला नीट ऐकू गेलं नाही, तर पुन्हा सांगितलं.

"आणि ह्यांचंही असू द्या," त्या म्हणाल्या. "यंत्र ह्यांनीच आणलं होतं."

मग त्यांनी फोन ठेवला. ताटं तशीच टाकून त्या आतल्या खोलीत गेल्या आणि भर दुपारी गाढ झोपल्या. यजमानांनी त्यांना उठवलं नाही.