शेवटचं रीळ मांडीवर घेऊन

हे काल गेले. आणि ज्या फिल्म क्लबनं यांना भंगारवाला म्हटलं होतं, तोच क्लब सकाळपासून 'सिनेमाचे सच्चे उपासक' म्हणून पोस्ट टाकून राहिला.

नाव मधुकर लिहिलंय. यांचं नाव मनोहर होतं.

सुतकात हसू नये म्हणतात. मला हसू आलं.

ऐंशीच्या दशकात व्हिडिओ आला आणि आमच्या आंधळगावात तंबू लावणारं टुरिंग टॉकीज बंद पडलं. मालकाकडे एका जुन्या ब्लॅक अँड व्हाइट पिक्चरची प्रिंट पडून होती. फिल्ममधली चांदी काढायला तो ती भंगारात देणार होता.

यांनी आमच्या दुकानातले कापडाचे तागे त्याला दिले आणि प्रिंट घरी आणली.

"कायले आणला हा कचरा?" मी.

"अवं, हे गेलं तं पिक्चरच गेला न."

मग कित्येक महिने माजघरात फिल्म मलमलीनं पुसणं, तुटलेली जोडणं. घरभर आंबूस वास. शेजारी नाक दाबून हसायचे.

भंडाऱ्याच्या क्लबला हे कळलं. कडक इस्त्रीची माणसं. गोड बोलून प्रिंट नेली, शो लावला. आम्ही एसटीनं गेलो. जागा शेवटच्या रांगेत.

इंटरव्हलला अध्यक्ष माइकवर म्हणाले, "हा चित्रपट आमच्या क्लबनं अथक परिश्रमानं वाचवला."

खाली उतरून यांच्याकडे बोट दाखवत कुणाला तरी म्हणाले, "तो भंगारवाला. त्याच्या घरी पडून होती प्रिंट."

हे उठले. प्रोजेक्टरजवळचा शेवटच्या रिळाचा डबा उचलला.

अध्यक्ष धावले. "अहो, काय करून राहिले? लोक बसले आहेत!"

"शेवट तुमच्या परिश्रमानं दाखवा न साहेब."

डबा मांडीवर घेऊन हे एसटीत बसले. मीही डब्यावर हात ठेवला.

शेवटाशिवाय बाकीची रिळं क्लबच्या काय कामाची? दुसऱ्या दिवशी त्यांनी ती मुकाट्यानं आमच्या घरी पोचवली.

यांनी टॉकीजवाल्याचा जुना प्रोजेक्टर मागून आणला, भिंतीवर पांढरं कापड ताणलं, पिक्चर पहिल्यापासून लावला. शेवट पाहायला भंडाऱ्याहून माणसं आली.

अध्यक्षही आले. निर्लज्जपणे.

यांनी त्यांना पुढची खुर्ची दिली. मी दिली नसती.

शेवटी तो माणूस रुमालानं डोळे पुसत होता. उठला, चप्पल घातली, निघून गेला.

"माफी तरी मागितली का त्यानं?" मी चिडले.

"रडला न तो," हे म्हणाले. खुश होते.

अहो, माणसांच्या बाबतीत तुम्ही फार भोळे होता.

नमस्कार करते. या आता.